विश्लेषण : ऑनलाइन चावड्या ओस का पडल्या? युजनेट, ऑर्कुट ते व्हॉट्सअ‍ॅप. दक्षिण आशियाई चर्चा-मंचांच्या चढउताराची गोष्ट

चकली तेलात का विरघळते? पावसाळ्यात राजगडावर कोणत्या वाटेने जावे? मुलीच्या बाळंतपणासाठी अमेरिकेला निघालेल्या आईने व्हिसाच्या मुलाखतीत काय सांगावे? असे प्रश्न मराठीत टाइप करून शोधले, तर आजही अनेकदा उत्तर सापडते ते दहा-पंधरा वर्षांपूर्वीच्या एखाद्या ‘धाग्या’त. तिथे कुणी उत्तर दिलेले असते, दुसऱ्याने ते खोडून काढलेले असते, तिसऱ्याने आपल्या आजीची कृती जोडलेली असते. हेच प्रश्न आजही रोज विचारले जातात. पण आता ते व्हॉट्सअ‍ॅपच्या गटांत विचारले जातात आणि दोन दिवसांत सुप्रभाताच्या चित्रांखाली गाडले जातात. ज्याला पुढच्या वर्षी तेच हवे असते, त्याला पुन्हा शून्यापासून विचारावे लागते.

हा बदल फक्त सवयीचा आहे, की त्यात आपले काही कायमचे गेले? भारत, पाकिस्तान, बांगलादेश आणि या देशांतून बाहेर गेलेल्यांनी उभारलेल्या चर्चा-मंचांचे नेमके काय झाले, ते समजून घेऊ.

चर्चा-मंच म्हणजे नेमके काय?

रचना साधी असते. एक सदस्य विषय मांडतो, त्याला धागा म्हणतात. बाकीचे त्याखाली प्रतिसाद देतात. नवा प्रतिसाद आला की धागा यादीत वर येतो. कोणता मजकूर कुणाला दाखवायचा, हे यंत्र ठरवत नाही. सगळ्यांना तीच यादी दिसते. बहुतेक मंचांवर सदस्य नसलेल्यांनाही वाचता येते आणि शोध-यंत्रांनाही आत येता येते. नियम ठरवायला आणि भांडण सोडवायला सदस्यांमधूनच निवडलेले संपादक किंवा मॉडरेटर असतात.

फेसबुकची भिंत, इन्स्टाग्रामची रीळ आणि व्हॉट्सअ‍ॅपचा गट यांच्यापेक्षा हे दोन बाबतींत वेगळे आहे. मंचावरचे बोलणे सर्वांसमोर असते आणि ते टिकते. गावच्या चावडीवर बोललेले चारजण ऐकतात, म्हणून माणूस जरा तोलून बोलतो. इथे तर चावडीवरचे बोलणे लिहूनही ठेवलेले असते.

सुरुवात कुठे झाली?

भारतात सर्वसामान्यांना इंटरनेट मिळाले ते १५ ऑगस्ट १९९५ रोजी, ‘विदेश संचार निगम’च्या डायल-अप जोडणीतून. पण दक्षिण आशियाई लोक त्याच्या बरेच आधी ऑनलाइन भेटू लागले होते. १९८०च्या दशकाच्या उत्तरार्धात अमेरिकेतील विद्यापीठांत शिकणारे विद्यार्थी ‘युजनेट’ या व्यवस्थेतील ‘सॉक.कल्चर.इंडियन’ या चर्चागटात एकत्र येत. पुढे पाकिस्तान, बांगलादेश, श्रीलंका, नेपाळ यांचे आणि तमीळ, मराठी अशा भाषांचेही गट निघाले. भाड्याने खोली कुठे मिळेल इथपासून काश्मीरपर्यंत सगळ्यावर तिथे वाद झडत. ज्या भारतीय आणि पाकिस्तानी तरुणांची आपापल्या देशात कधीच गाठ पडली नसती, ते इथे एकमेकांना लांबलचक उत्तरे लिहीत होते.

या गटांनी केवळ वाद घातले असे नाही. भारतीय संगीतावरच्या गटातील हौशी मंडळींनी जुन्या हिंदी चित्रपटगीतांचे शब्द, गायक, संगीतकार आणि चित्रपट यांच्या नोंदी जमवल्या. त्या काळी पडद्यावर देवनागरी उमटवणे सोपे नव्हते. त्यामुळे ‘आयट्रान्स’ नावाच्या पद्धतीने रोमन अक्षरांच्या ठरावीक मांडणीत हे शब्द टाइप केले जात आणि त्यातून देवनागरी छापता येई. चुकलेला शब्द दुसरा कुणीतरी दुरुस्त करी. पैसे कुणालाच मिळत नव्हते.

१९९७ मध्ये अमेरिकास्थित पाकिस्तानी तरुणांनी ‘चौक’ हे संकेतस्थळ सुरू केले. नावाप्रमाणेच तिथे सीमेच्या दोन्ही बाजूंचे लोक येऊन लिहीत. १९९१ पासून चालणारे ‘सॉनेट’ हे दक्षिण आशियाई स्त्रियांचे जाळेही याच पिढीतले.

मराठी मंच कसे उभे राहिले?

१९९६ च्या गणेशोत्सवात अमेरिकेतून ‘मायबोली’ सुरू झाली. म्हणजे गूगलची कंपनी स्थापन होण्याच्याही दोन वर्षे आधी. त्या वेळी प्रत्येक मराठी संकेतस्थळाचा फॉन्ट वेगळा असे. शिवाजी, किरण, शुषा असा योग्य तो फॉन्ट संगणकावर नसला, तर मजकुराऐवजी चित्रविचित्र खुणा दिसत. एका ठिकाणचा मजकूर दुसरीकडे चिकटवता येत नसे आणि शोधता तर मुळीच येत नसे.

ही अडचण युनिकोडने सोडवली. संगणकांनी ही एकसमान लिपिपद्धती स्वीकारल्यावर देवनागरी मजकूर कुठेही तसाच दिसू लागला. त्याला ‘बरहा’, ‘गमभन’ यांसारख्या टंकनसुविधांची जोड मिळाली. ‘गमभन’ तर अनेक मराठी संकेतस्थळांच्या लेखनचौकटीतच बसवली गेली. इंग्रजी कळफलकावर उच्चाराप्रमाणे टाइप करायचे की मराठी अक्षर उमटायचे. शाळा सुटल्यानंतर वीस वर्षे ज्यांनी मराठीत चार ओळी लिहिल्या नव्हत्या, असे हजारो लोक यामुळे पुन्हा लिहिते झाले.

२००४ मध्ये ‘मनोगत’ आले. शुद्धलेखन तपासण्याची सोय देणारे ते सुरुवातीच्या मराठी संकेतस्थळांपैकी एक. २००७ मध्ये ‘उपक्रम’ आणि ‘मिसळपाव’, तर २०११ मध्ये ‘ऐसी अक्षरे’ सुरू झाले. प्रत्येकाचा पोत वेगळा होता. ‘मनोगत’ शिस्तीचे, ‘उपक्रम’ माहितीपर, ‘मिसळपाव’ मोकळेढाकळे. एका ठिकाणी पटले नाही की काहीजण उठून दुसरे संस्थळ काढीत. मराठी माणसाच्या नाट्यसंस्था, मंडळे जशी फुटून वाढली, तशीच ही संकेतस्थळेही.

या जगाने स्वतःची भाषा घडवली. सदस्य म्हणजे ‘आयडी’. एकाच माणसाने गुपचूप घेतलेले दुसरे नाव म्हणजे ‘डुआयडी’. फक्त वाचणारा तो ‘वाचनमात्र’. चर्चेच्या विभागाला ‘मिसळपाव’वर नाव होते ‘काथ्याकूट’. ‘मायबोली’चे वेबमास्तर म्हणजे ‘वेमा’ आणि प्रत्यक्ष भेटीगाठी म्हणजे ‘गटग’. ‘मिसळपाव’वर त्याच भेटीला ‘कट्टा’ म्हणत. पाककृती, किल्ल्यांची भटकंती, प्रवासवर्णने, विडंबने, विज्ञान, पालकत्व अशा विषयांवर जे लेखन झाले, त्यातील बरेचसे छापील मासिकांत आलेच नसते. कारण ते लिहिणाऱ्यांची संपादकांशी ओळख नव्हती आणि अनेकांना आपण लेखक आहोत हेही माहीत नव्हते. या संकेतस्थळांनी ऑनलाइन दिवाळी अंकही काढले.

ऑर्कुटने काय बदलले?

जानेवारी २००४ मध्ये गूगलने ‘ऑर्कुट’ आणले. ते मित्र जोडण्याचे संकेतस्थळ असले, तरी त्याचा भारतातला खरा जीव होता ‘कम्युनिटी’त. प्रत्येक महाविद्यालयाची, प्रत्येक गावाची, प्रत्येक नटाची कम्युनिटी निघाली. जे लोक युजनेट किंवा मराठी संकेतस्थळांपर्यंत कधी पोहोचले नव्हते, ते सायबर कॅफेत अर्ध्या तासाचे पैसे भरून ‘स्क्रॅप’ लिहू लागले. ब्राझील आणि भारत हे ऑर्कुटचे दोन मोठे गड होते.

गर्दी वाढली तसे तंटेही वाढले. शिवाजी महाराज आणि बाळासाहेब ठाकरे यांच्याविषयीच्या आक्षेपार्ह मजकुरावरून २००६ मध्ये पुण्यात आणि २००७ मध्ये मुंबई परिसरात शिवसैनिकांनी सायबर कॅफेंची तोडफोड केली. ऑगस्ट २००७ मध्ये अशाच मजकुराच्या प्रकरणात पुणे पोलिसांनी बेंगळुरूतील एका आयटी कर्मचाऱ्याला अटक केली. इंटरनेट पुरवठादाराने दिलेली आयपी पत्त्याची माहितीच चुकीची होती. या निरपराध तरुणाला सुमारे ५० दिवस येरवड्याच्या तुरुंगात काढावे लागले.

जुलै २०१० मध्ये फेसबुकने भारतात ऑर्कुटला मागे टाकले. ‘कॉमस्कोर’च्या मोजणीनुसार त्या महिन्यात फेसबुकला भेट देणारे भारतीय सुमारे २ कोटी ९ लाख होते आणि ऑर्कुटचे सुमारे १ कोटी ९९ लाख. ३० सप्टेंबर २०१४ रोजी गूगलने ऑर्कुट बंद केले. सार्वजनिक कम्युनिटींतील जुन्या चर्चा काही काळ वाचण्यापुरत्या ठेवल्या होत्या; नंतर त्याही काढून टाकल्या. एका पिढीने कॉलेजच्या दिवसांत लिहिलेले सगळे पुसले गेले.

शेजारी देशांत काय घडले?

बांगलादेशात ही कथा अधिक गंभीर वळणावर गेली. २००३ मध्ये मेहदी हसन खान या वैद्यकीय विद्यार्थ्याने ‘अभ्र’ हा मोफत बंगाली कळफलक तयार केला. २००५ मध्ये ‘सामहोअरइन’ हा बंगाली सामुदायिक लेखनमंच सुरू झाला आणि हजारोंनी तिथे मातृभाषेत लिहायला सुरुवात केली. १९७१ च्या युद्धगुन्ह्यांच्या खटल्यात अब्दुल कादर मुल्ला यांना फाशीऐवजी जन्मठेप झाल्यावर, फेब्रुवारी २०१३ मध्ये ढाक्यातील शाहबाग चौकात उसळलेल्या आंदोलनाची पहिली हाक अशाच ऑनलाइन लेखकांनी दिली होती.

त्याची किंमतही त्यांनीच मोजली. लेखक अविजित रॉय यांनी २००१ मध्ये याहूच्या एका गटातून ‘मुक्तमना’ हा विवेकवादी मंच उभा केला होता. २६ फेब्रुवारी २०१५ रोजी ढाक्यात पुस्तक मेळ्यातून बाहेर पडताना त्यांची हत्या झाली. त्या काळात आणखी काही लेखक मारले गेले, काहींना अटक झाली, अनेकांनी देश सोडला. तिथला मंच शांत झाला तो नवे अ‍ॅप आल्यामुळे एवढेच म्हणून चालणार नाही. लिहिणाऱ्यांच्या मनात भीती बसली होती.

पाकिस्तानात ‘चौक’सारखी सीमेपलीकडची चर्चा मावळली, पण २००३ मध्ये मोटारींच्या हौशी लोकांनी सुरू केलेला ‘पाकव्हील्स’ हा मंच वाढत जाऊन गाड्यांच्या खरेदी-विक्रीची मोठी बाजारपेठ झाला. तो आजही चालू आहे.

उतरती कळा का लागली?

कारण एक नाही. पहिले कारण फोन. चर्चा-मंच संगणकाच्या मोठ्या पडद्यासाठी आणि पूर्ण कळफलकासाठी घडले होते. सुरुवातीच्या अनेक अँड्रॉइड फोनवर देवनागरी धड दिसतही नव्हती. ती दिसू लागली तोवर लोक फेसबुक आणि व्हॉट्सअ‍ॅपवर स्थिरावले होते. बसमध्ये उभ्या उभ्या अंगठ्याने हजार शब्दांचा प्रतिसाद कोण लिहिणार?

दुसरे कारण स्वस्त डेटा. ५ सप्टेंबर २०१६ रोजी ‘जिओ’ सुरू झाल्यानंतर जे कोट्यवधी लोक इंटरनेटवर आले, त्यांनी संकेतस्थळाचा पत्ता टाइप करण्याची पायरीच ओलांडली नाही. त्यांच्यासाठी इंटरनेट म्हणजे फोनवरची चार-पाच अ‍ॅप. लिहिण्याची जागा आवाजी संदेशाने आणि व्हिडीओने घेतली.

तिसरे कारण पैसा आणि माणसे. सर्व्हरचे भाडे, आवृत्त्या बदलणे, जाहिरातखोरांचा कचरा काढणे, हल्ले परतवणे ही कामे बहुतेक ठिकाणी दोन-चार माणसे नोकरी सांभाळून करीत. त्याहून दमवणारे काम भांडणे सोडवण्याचे. रोज रात्री घरी आल्यावर अनोळखी लोकांचे रुसवे काढण्याचा कंटाळा कुणालाही येईल. फेसबुकवर गट काढायला एक मिनिट लागते आणि एक पैसाही लागत नाही, हे कळल्यावर अनेकांनी तोच रस्ता धरला.

चौथे कारण कायदा, आणि त्याची चर्चा सर्वांत कमी होते. ऑर्कुटवर शिवसेनेविरोधी कम्युनिटी काढणाऱ्या केरळमधील एका विद्यार्थ्यावर ठाण्यात गुन्हा नोंदवला गेला होता. फेब्रुवारी २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यात हस्तक्षेप करायला नकार दिला. दुसऱ्यांच्या मजकुरापायी कम्युनिटी चालवणाराही अडचणीत येऊ शकतो, हे त्यातून दिसले. त्याच वर्षी माहिती तंत्रज्ञान कायद्यातील कलम ६६-अ लागू झाले. नोव्हेंबर २०१२ मध्ये मुंबई बंदविषयी फेसबुकवर लिहिल्याबद्दल पालघरमधील एका तरुणीला आणि तो मजकूर ‘लाइक’ करणाऱ्या तिच्या मैत्रिणीला अटक झाली. २४ मार्च २०१५ रोजी श्रेया सिंघल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हे कलम रद्द केले.

दरम्यान २०११ च्या नियमांनी तक्रार आल्यावर ३६ तासांत मजकुरावर कारवाई करण्याचे बंधन घातले होते. २०२१ च्या नियमांनी प्रत्येक मध्यस्थ संकेतस्थळाला तक्रार निवारण अधिकारी नेमायला सांगितले. ५० लाखांहून अधिक सदस्य असलेल्यांना जादा अटी आहेत हे खरे. पण मूळ जबाबदारीतून छोटा मंचही सुटत नाही. मोठ्या कंपन्यांकडे वकिलांची फौज असते. हौसेने मंच चालवणाऱ्याकडे रविवारची दुपार असते.

जुने मंच खरेच सगळ्यांचे होते का?

नव्हते, आणि हे स्पष्ट सांगायला हवे. २००५ च्या सुमारास ज्याच्याकडे संगणक, जोडणी, मोकळा वेळ आणि सफाईदार लेखी भाषा होती, तोच तिथे टिकत होता. त्यामुळे शहरी, सुशिक्षित, सवर्ण आणि परदेशस्थ मंडळींचा आवाज मोठा होता. ‘शुद्ध’ मराठी न लिहिणाऱ्याची टर उडवली जाई. जुन्या सदस्यांची टोळी नवख्याला पिटाळून लावी. आरक्षणावरचे वाद वाचले, तर कोण तिथे आहे आणि कोण नाही, हे लगेच कळते. स्त्रियांना टोपणनाव घेऊनही पाठलाग सोसावा लागे.

त्या तुलनेत आज शेतकरी आपल्या बोंडअळी पडलेल्या कापसाचा फोटो काढून गटात टाकतो आणि दहा मिनिटांत सल्ला मिळवतो. त्याला शुद्धलेखनाची परीक्षा द्यावी लागत नाही. ऊसतोड मजूर, घरकामगार, आशा सेविका आवाजी संदेशातून संघटित होतात. हे जुन्या मंचांना जमले नव्हते. म्हणून ‘आमच्या वेळी चर्चेचा दर्जा होता’ हा सूर अर्धाच खरा आहे. दर्जाच्या दारावर पहारा होता, हे त्यातले उरलेले अर्धे.

मग हरवले ते काय?

पहिली हरवली ती सामायिक आठवण. त्याच कापसाच्या फोटोवर मिळालेला सल्ला पुढच्या हंगामात शेजारच्या तालुक्यातील शेतकऱ्याला शोधून सापडत नाही. गटातील माहितगार माणसाला तेच उत्तर शंभरदा द्यावे लागते आणि एक दिवस तो कंटाळून गट सोडतो. फोन बदलला, बॅकअप राहिला, की सगळे गेले.

दुसरे हरवले ते सर्वांसमोर खोडून काढणे. १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातील राईनपाडा येथे नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच जणांना जमावाने ठेचून मारले. मुले पळवणारी टोळी आल्याच्या अफवा तेव्हा मोबाइलवरून पसरत होत्या. त्यानंतर त्याच महिन्यात व्हॉट्सअ‍ॅपने भारतात एक संदेश एका वेळी पाचच ठिकाणी पुढे पाठवता येईल अशी मर्यादा आणली. खुला मंच असता तर हे टळले असते, असे कुणीही म्हणू शकत नाही. अफवा चावडीवरही पसरतात. पण खुल्या धाग्यात खोट्या मजकुराखाली खरी माहिती लिहिता येते आणि पोलीस, पत्रकार, शेजारी सगळ्यांना तो धागा दिसतो. बंद गटात अफवा कुठे, किती वेगाने पळते आहे हे बाहेरच्याला कळतच नाही.

तिसरी गोष्ट मालकीची. २००१ पासून असंख्य माजी विद्यार्थी संघ, मंडळे आणि सोसायट्या ‘याहू ग्रुप्स’वर होत्या. ऑक्टोबर २०१९ मध्ये कंपनीने तिथला साठवलेला मजकूर पुसणार असल्याचे जाहीर केले, तेव्हा तो उतरवून घ्यायला सुरुवातीला जेमतेम दोन महिने दिले होते. १५ डिसेंबर २०२० रोजी सेवाच बंद झाली. २२ फेब्रुवारी २०२४ पासून गूगल ग्रुप्समधून युजनेटवर नवे लिहिणे थांबले. जुने मात्र अजून वाचता येते. परक्याच्या वाड्यात मांडलेला संसार मालकाच्या मर्जीवर असतो, हे दक्षिण आशियाई समूहांनी तीनदा-चारदा अनुभवले आहे.

चौथी गोष्ट ताजी आहे. आजची कृत्रिम बुद्धिमत्तेची साधने भाषा शिकतात ती प्रामुख्याने खुल्या मजकुरातून. फेब्रुवारी २०२४ मध्ये ‘रेडिट’ या मंचाने आपल्यावरील चर्चा वापरू देण्याचा करार गूगलशी केला. रॉयटर्सच्या वृत्तानुसार तो वर्षाला सुमारे ६ कोटी डॉलरचा होता. लोकांच्या गप्पांना बाजारभाव आला आहे. इंग्रजीत अशा गप्पांचा डोंगर आहे. मराठीत जिवंत, बोलका, वाद घालणारा खुला मजकूर मुळातच थोडा, आणि त्यातला नवा मजकूर बंद गटांत चालला आहे. मग यंत्राचे मराठी सरकारी परिपत्रकासारखे वाटले, तर नवल नाही.

जे तगले, ते कशामुळे?

२००४ मध्ये सुरू झालेला ‘टीम-बीएचपी’ हा मोटारप्रेमींचा भारतीय मंच आजही गाडी घेण्यापूर्वी पाहिला जातो. तिथे सदस्यत्व तपासून देतात आणि मोबाइलवरची तोडकी भाषा चालत नाही. ‘पाकव्हील्स’ने व्यवसायाची जोड दिली. ‘मायबोली’ने गणेशोत्सव, दिवाळी, वर्षाविहार असे वार्षिक उपक्रम करून माणसे बांधून ठेवली. ‘रेडिट’वर महाराष्ट्राचे, पुण्याचे, मुंबईचे गट आहेत, तिथे नवी पिढी टोपणनावाने तसेच वाद घालते, बहुतेक वेळा इंग्रजीत किंवा रोमन लिपीतील मराठीत.

या सगळ्यांत समान ते हे, की विषय किंवा समूह ठरलेला आहे, नियम सर्वांना माहीत आहेत आणि ते राबवणारी माणसे टिकून आहेत. तंत्रज्ञान जुने असूनही त्यांचे अडले नाही.

आता काय करता येईल?

लोकांना व्हॉट्सअ‍ॅप सोडा असे सांगण्यात अर्थ नाही. ती सोय खरी आहे. पण काही गोष्टी आजही हातात आहेत.

ग्रंथालयांना छापील पुस्तकांची प्रत देण्याचे बंधन भारतात १९५४ च्या कायद्याने आहे. त्याच्या कक्षेत पुस्तके आणि वृत्तपत्रे येतात, संकेतस्थळे येत नाहीत. ब्रिटनने २०१३ मध्ये नियम करून तेथील संकेतस्थळांचा मजकूरही राष्ट्रीय ग्रंथालयात जतन करण्याची सोय केली. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्रीय मंत्रिमंडळाने मराठीला अभिजात भाषेचा दर्जा देण्यास मंजुरी दिली. शिलालेख आणि पोथ्या जपण्याची भाषा त्यानिमित्ताने पुष्कळ झाली. १९९६ पासूनची मराठी संकेतस्थळे हाही भाषेचा दस्तऐवज आहे. सामान्य मराठी माणसे संपादकाच्या कात्रीशिवाय कशी लिहीत होती, याचा इतका मोठा पुरावा याआधीच्या कोणत्याही काळाचा उपलब्ध नाही. राज्य मराठी विकास संस्था किंवा एखाद्या विद्यापीठाने तो जतन करायला घ्यावा. अर्थात लेखनाचे हक्क लिहिणाऱ्यांचे आहेत आणि काहींनी टोपणनावाच्या भरवशावर खासगी गोष्टीही लिहिल्या आहेत. त्यामुळे संस्थळचालकांची आणि लेखकांची संमती घेऊन, हवे ते वगळण्याची मुभा देऊनच हे व्हावे.

सरकारने नियम करताना कोट्यवधी सदस्यांची कंपनी आणि हजार माणसांचा हौशी मंच यांना वेगळे मोजावे. छोट्या मंचाला कागदपत्रांचा भार कमी आणि तक्रारीला उत्तर देण्याची मुदत जास्त, एवढे केले तरी नवे काही सुरू करण्याची हिंमत कुणाला होईल.

वाचकांच्या हातात आहे ते असे. गटात उपयोगी माहिती जमली असेल, मग ती सोसायटीच्या पुनर्विकासाची असो, आजारावरच्या उपचाराच्या खर्चाची असो किंवा गावच्या यात्रेच्या परंपरेची, तर नावे-नंबर वगळून ती एखाद्या खुल्या जागी लिहावी. मराठी विकिपीडिया २००३ पासून आहे आणि तिथे कुणीही भर घालू शकतो; मात्र त्यासाठी छापील किंवा विश्वासार्ह आधार लागतो. ज्याला आधार नाही पण अनुभव आहे, त्याच्यासाठी ‘मायबोली’, ‘मिसळपाव’सारखी संकेतस्थळे आहेत. जुना धागा मोलाचा वाटला, तर ‘इंटरनेट अर्काइव्ह’च्या ‘वेबॅक मशीन’मध्ये त्याचा दुवा देऊन प्रत जतन करता येते. दोन मिनिटांचे काम आहे.

आणि ज्यांनी वीस वर्षांपूर्वी कुठल्याशा टोपणनावाने अशा संकेतस्थळांवर लिहिले होते, त्यांनी आपला परवलीचा शब्द आठवून एकदा आत जावे आणि स्वतःचे लेखन उतरवून घ्यावे. सर्व्हर कोणाचाही असो, तो बंद होण्याची सूचना येते तेव्हा हाती फार दिवस उरत नाहीत.